मंगेश नावाचं मूळ, आणि जन्मनोंदीतली अक्षरं

वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

या वेळच्या पत्रांमध्ये मंगेश या नावाविषयीची पत्रं सर्वांत जास्त होती. त्यामुळे त्याला जागाही जास्त दिली आहे. दामोदर आणि इतर दैवतनामांची पत्रं त्यामागून घेतली आहेत.

प्रश्न : नातवाचं नाव मंगेश ठेवायचं आमच्या घरात ठरत आलं आहे. सूनबाईंनी इंटरनेटवर पाहिलं तर ‘मंगल करणारा ईश्वर’ असा अर्थ मिळाला. आम्ही लहानपणापासून पार्वतीची आणि वाघाची गोष्ट ऐकत आलो. खरा अर्थ कोणता धरायचा? (एक आजी, फोंडा)

इंटरनेटवरचा अर्थ कानाला गोड वाटतो, पण व्याकरणात बसत नाही. ‘मंगल’ आणि ‘ईश’ यांचा संधी केला तर ‘मंगलेश’ होतो. मधला ‘ल’ गळण्याचा कोणताही नियम संस्कृतात नाही.

‘एश’ने संपणारं नाव तपासण्याची एक सोपी रीत आहे. शेवटचा ‘ईश’ सोडवून बाजूला काढायचा आणि उरलेला शब्द अ-कारान्त किंवा आ-कारान्त आहे का ते पाहायचं. गण आणि ईश मिळून गणेश, नाग आणि ईश मिळून नागेश, उमा आणि ईश मिळून उमेश. आधीचा शब्द इ-कारान्त असला तर ‘ए’ होत नाही, दीर्घ ‘ई’ होते. म्हणून गिरि आणि ईश मिळून गिरीश, हरि आणि ईश मिळून हरीश. आता मंगेश सोडवा. हाती ‘मंग’ आणि ‘ईश’ लागतात. ‘मंग’ या शब्दाचा संस्कृत कोशातला अर्थ होडीचा पुढचा भाग असा आहे. शिवाच्या नावाशी त्याचा काही संबंध लागत नाही. तेव्हा हे नाव दोन शब्द सरळ जोडून झालेलं नाही, मोठं नाव बोलण्यात झिजून झालेलं आहे, असंच मानावं लागतं.

ते मोठं नाव म्हणजे मांगिरीश. गोव्यातल्या मंगेशी देवस्थानाच्या परंपरेत मांगीश, मांगिरीश, मंगिरीश अशी तिन्ही रूपं आढळतात. सारस्वत घराण्यांत मंगिरीश हे नाव आजही मुलांना ठेवतात. तुमची वाघाची गोष्ट याच रूपाची आहे. कैलासावर सारीपाटात शंकर हरले आणि सर्वस्व गमावून दक्षिणेला गोमंतकात आले. पार्वती त्यांना शोधत निघाली. तिची गंमत करायला शंकरांनी वाघाचं रूप घेतलं आणि तिच्यासमोर उडी टाकली. भेदरलेल्या पार्वतीला म्हणायचं होतं ‘त्राहि मां गिरीश’, म्हणजे ‘हे गिरीशा, माझं रक्षण कर’. त्यातले ‘मां गिरीश’ हे शब्द एकत्र उच्चारले गेले आणि तेच देवाचं नाव झालं.

दुसरी परंपरा असं सांगते की ब्रह्मदेवाने भागीरथीच्या काठी मांगिरीश पर्वतावर मंगेशाचं लिंग स्थापलं. सारस्वतांनी ते आधी बिहारातल्या त्रिहोत्रपुरीला नेलं आणि तिथून गोमंतकात आणलं. ‘गिरी’ हा शब्द दोन्ही कथांमध्ये आहे, हे लक्षात घेण्यासारखं आहे. पार्वतीची कथा स्कंदपुराणाचा भाग मानल्या जाणाऱ्या सह्याद्रिखंडात आहे. त्याची छापील आवृत्ती 1877 मध्ये मुंबईत निघाली. ती सिद्ध केली बार्देशातल्या हडफड्यात जन्मलेल्या डॉ. जुझे गेर्सन द कुन्य यांनी. एका कॅथलिक गोंयकाराने हे काम केलं याचं आम्हाला फार मोल वाटतं.

आमचं मत असं : पार्वतीची हाक ही श्रद्धेची कथा आहे, ती नातवाला जरूर सांगावी. शब्दाचा अर्थ विचारला तर ‘गिरीश, म्हणजेच शिव’ एवढं सांगावं. ‘मंगल करणारा’ हा अर्थ पत्रिकेवर छापू नये. तो नावाच्या इतिहासातून निघत नाही.

प्रश्न : मंगेश हा देव मूळचा आमच्या गावचा असं सगळे म्हणतात. मग तो प्रियोळला कधी आणि कसा गेला? (कुठ्ठाळी)

तुमच्या गावाचं जुनं नाव कुशस्थळी. झुआरीच्या, म्हणजे अघनाशिनीच्या काठी तिथे मंगेशाचं मूळ देऊळ होतं. साष्टी (तुमचं गाव तेव्हा त्यातच येई) आणि बार्देश 1543 मध्ये पोर्तुगिजांच्या हाती गेले. त्यानंतर काही वर्षांत देवळं पाडायला सुरुवात झाली. 1560 मध्ये महाजनांनी, म्हणजे देवस्थानाच्या मानकरी घराण्यांनी, लिंग उचललं आणि नदी ओलांडून अंत्रुज महालातल्या (आजच्या फोंडा तालुक्यातल्या) प्रियोळला नेलं. अंत्रुज महाल तेव्हा आदिलशाहीत होता, पोर्तुगिजांचा हुकूम तिथे चालत नव्हता. म्हणूनच आज फोंडा तालुक्यात देवळांची एवढी दाटी दिसते. केळशीची शांतादुर्गा कवळ्याला आली, वेर्ण्याची महालसा म्हार्दोळला आली आणि लोटलीचा रामनाथ बांदिवड्याला आला, त्यांचंही कारण हेच.

फोंडा महाल पोर्तुगिजांकडे गेला तो 1763 मध्ये, म्हणजे मंगेश तिथे स्थिरावल्यावर दोनशे वर्षांनी. नव्या काबिजादींत, म्हणजे या मागून मिळवलेल्या मुलखात, त्यांनी देवळांना हात लावला नाही. मधल्या काळात, 1739 मध्ये, पेशव्यांनी मंगेशी गाव देवस्थानाला दिलं. त्यामागे पेशव्यांचे सरदार रामचंद्र मल्हार सुखटणकर यांचा शब्द होता. हे स्वतः मंगेशाचे भक्त होते. आज दिसणारं देऊळ आणि सात मजली दीपस्तंभ नंतरच्या बांधकामातले आहेत. आवारातलं तळं त्यांच्याहून जुनं मानतात. पालखी दर सोमवारी निघते. वार्षिक जत्रा माघ शुद्ध सप्तमीपासून पौर्णिमेपर्यंत चालते.

नावाच्या दृष्टीने या स्थलांतराचा एक परिणाम झाला. देव कुशस्थळीचा असला तरी त्याच्या नावाने वसलेलं गाव प्रियोळात झालं. मंगेशी हे आधी देवाचं ठिकाण आणि मग गावाचं नाव. त्यामुळे ‘मंगेशी’चा संबंध कुठ्ठाळीशी जोडताना देव आणि गाव यांची गल्लत करू नये.

प्रश्न : मंगेश नावाची मोठी माणसं कोण कोण? आणि मंगेशकर हे आडनाव मंगेशीच्या सगळ्यांचं का नाही? (मडगाव)

मंगेश पाडगांवकर हे नाव सर्वांच्या ओठांवर पहिलं येईल. त्यांचा जन्म 10 मार्च 1929 चा, वेंगुर्ल्याचा, म्हणजे गोव्याच्या अगदी शेजारचा. 1980 चा साहित्य अकादमी पुरस्कार आणि 2013 मध्ये पद्मभूषण त्यांना मिळालं. 30 डिसेंबर 2015 ला ते गेले. समीक्षक आणि इंग्रजीचे प्राध्यापक मं. वि. राजाध्यक्ष (1913-2010) यांचं पूर्ण नाव मंगेश विठ्ठल. आद्याक्षरांनीच ओळखले गेल्यामुळे त्यांचं नाव मंगेश होतं हे पुष्कळांना ठाऊक नसतं. व्यंगचित्रकार मंगेश तेंडुलकर हे नाटककार विजय तेंडुलकरांचे भाऊ. ते 2017 मध्ये पुण्यात गेले. मुंबईच्या राजकमल स्टुडिओत ध्वनिमिश्रण करणारे मंगेश देसाई यांचा उल्लेख अशा याद्यांमध्ये सहसा नसतो. तो असायला हवा. हिंदी चित्रपटांच्या एका अख्ख्या काळातला आवाज, संवाद आणि पार्श्वसंगीत यांचा तोल त्यांच्या हातून गेला आहे.

नावांच्या प्रसाराचं चित्र यावरून दिसतं. पाडगांव, तेंडोली यांसारख्या गावांवरून पडलेली ही आडनावं पाहा. गोवा आणि दक्षिण कोकण हा मंगेश नावाचा मूळ पट्टा. विसाव्या शतकात ते कुलदैवताची मर्यादा ओलांडून देशावर आणि विदर्भातही गेलं. आज मंगेश नावावरून कोणाचं कुलदैवत किंवा जात ओळखता येत नाही.

मंगेशकर आडनावाची गोष्ट वेगळी आहे. दीनानाथांचा जन्म 29 डिसेंबर 1900 ला मंगेशीत झाला. त्यांचे वडील गणेशभट मंगेशाच्या देवळात अभिषेक करत. आई येसूबाई. घराण्याचं मूळ आडनाव हर्डीकर, गावात त्यांना अभिषेकी म्हणत. नाटक कंपनीत नाव मिळवताना दीनानाथांनी गावावरून मंगेशकर हे आडनाव लावलं आणि ते त्यांच्या मुलांना मिळालं. लताबाईंचा जन्म 28 सप्टेंबर 1929 चा, पण तो इंदूरचा. म्हणजे गावाबाहेर पडलेल्या माणसाने घेतलेलं हे आडनाव आहे. गावातच राहिलेल्यांना त्याची गरज नव्हती. गावात राहणारा स्वतःला गावाच्या नावाने कशाला ओळखेल? मंगेशीतच 1929 मध्ये जन्मलेल्या पं. जितेंद्र अभिषेकींच्या घराण्याने देवळातल्या कामावरून पडलेलं नाव ठेवलं.

‘कर’ प्रत्ययाचा नेम हाच आहे. गायिका केसरबाई केरकर फोंड्यातल्या केरीच्या, मोगूबाई कुर्डीकर कुर्डीच्या. कुर्डी पुढे साळावली धरणात गेली आणि उन्हाळ्यात पाणी उतरलं की तिथली जमीन उघडी पडते. गाव राहिलं नाही, आडनाव राहिलं.

प्रश्न : आजोबांच्या पोर्तुगीज काळातल्या जन्मनोंदीत त्यांचं नाव शोधूनही सापडेना. ते मंगेश होते हे सगळ्या गावाला माहीत आहे. कागदावर कसं शोधावं? (डिचोली)

हा प्रश्न दर वर्षी येतो, म्हणून सविस्तर लिहितो. नाव सापडत नाही याचं कारण बहुतेक वेळा एकच असतं : आपण इंग्रजी स्पेलिंग डोक्यात ठेवून शोधतो आणि नोंद पोर्तुगीज कानाने लिहिलेली असते.

मंगेश हेच नाव घ्या. (इथे ‘जी’, ‘ई’, ‘ए’ वगैरे ही रोमन अक्षरांची नावं आहेत.) पोर्तुगिजात ‘जी’पुढे ‘ई’ आला तर उच्चार ‘झ’सारखा होतो. ‘ग’ हवा असेल तर मध्ये ‘यू’ घालावा लागतो. ‘श’साठी ते ‘एक्स’ वापरतात. आणि व्यंजनाने संपणारं नाव त्यांच्या जिभेला जड जातं म्हणून शेवटी ‘ए’ जोडतात. असं करत मंगेशचं लेखन एम, ए, एन, जी, यू, ई, एक्स, ए असं होतं. लिहिणाऱ्याने ‘यू’ गाळला असेल तर सात अक्षरं दिसतील. मंगेशी गावाच्या पाटीवर आजही जो ‘यू’ दिसतो तो याच पद्धतीचा. तुम्ही सूचीत शेवटी ‘एस, एच’ शोधत असाल तर नाव समोर असूनही नजरेतून सुटेल.

इतर नावांसाठी हे लक्षात ठेवा. शांताराम, शंकर, शाबा हे ‘एक्स’खाली पाहा. ‘क’ने सुरू होणारं नाव ‘सी’खाली असेल, पण ‘क’नंतर इ किंवा ए हा स्वर असेल, म्हणजे कि किंवा के, तर ‘क्यू’खाली. म्हणून केणी आडनाव ‘क्यू, यू’ने सुरू होतं आणि शेवटी ‘एम’ असतो. तो ‘एम’ वाचायचा नसतो, तो शेवटच्या स्वराला अनुनासिक करतो. कामतचं कामोतिम झालं ते तसंच. यशवंत ‘ई’खाली सापडतो. आपला ऱ्हस्व ‘अ’ कोकणी उच्चारात ‘ऑ’कडे झुकतो, त्यामुळे लक्ष्मणच्या पहिल्या अक्षरानंतर ‘ए’ऐवजी ‘ओ’ दिसतो आणि प्रभूचं पोरोबो होतं. पोर्तुगिजात ‘एच’ मुका असल्याने भ, ध, घ यांतला हकार बहुधा गळतो. धोंडू ‘डी’नंतर थेट ‘ओ’ने लिहिलेला मिळेल, भट बोटो होईल. दोन स्वरांमध्ये एकच ‘एस’ असला तर त्याचा उच्चार ‘झ’ होतो, म्हणून सरदेसाईत दोन ‘एस’ असतात.

मधल्या नावातही फसगत होते. पहिलं नाव, मग सिनाय, मग आडनाव असा क्रम दिसला तर सिनाय हे बापाचं नाव समजू नका. ते शेणवी, सारस्वतांमधलं एक बिरुद. नाईक, प्रभू, शेट हेही असेच मध्ये येतात. नंतरच्या कागदांत हे शब्द गळले, आणि मग एकाच माणसाची दोन नावं आहेत असं वाटू लागतं.

आता कामाचा क्रम सांगतो. प्रथम आजोबा जन्मले तो गाव, अंदाजे वर्ष आणि त्यांच्या आई-वडिलांची नावं एका कागदावर लिहा. वर्षाच्या अलीकडची-पलीकडची दोन-तीन वर्षंही मागा, कारण नोंद कधी कधी उशिरा झालेली असते. तो गाव ज्या तालुक्यात येतो तिथल्या नागरी नोंदणी कार्यालयात जा. फार जुनी पुस्तकं पणजीच्या पुरालेख खात्यात असू शकतात, तेही विचारून घ्या. नाव सूचीत मिळालं नाही तर हट्टाने तेच नाव शोधत बसू नका, बापाच्या नावावरून आणि गावावरून मागे या. नोंद मिळाली की छोटा दाखला न घेता तेओर मागा. तेओर म्हणजे नोंदीचा शब्दशः उतारा. पोर्तुगीज जन्मनोंदीत आई-वडिलांबरोबर दोन्हीकडच्या आजी-आजोबांची नावं असतात. म्हणजे एका कागदावर तीन पिढ्या मिळतात, आणि नाव ओळखायला त्याचाच उपयोग होतो : आजोबांचं नाव वाचता आलं नाही तरी पणजोबांचं जुळतं. तारखा बहुधा अक्षरांत लिहिलेल्या असतात, तेव्हा महिन्यांची पोर्तुगीज नावं आधी पाहून जा. ‘सेतेंब्र’ म्हणजे सप्टेंबर कळतं, पण ‘जानैरू’ म्हणजे जानेवारी चटकन लक्षात येत नाही.

उतारा मिळाल्यावर पोर्तुगीज जाणणाऱ्या अधिकृत भाषांतरकाराकडून भाषांतर करून घ्या आणि त्याला सांगा की नावाचं लेखन मुळात आहे तसंच ठेवा. तो जर ‘सुधारून’ आजच्या पद्धतीने लिहील तर मूळ आणि भाषांतर यांतच तफावत पडेल. मग ‘दोन्ही नावांची व्यक्ती एकच’ असं प्रतिज्ञापत्र करा आणि त्यात दोन्ही रूपं अक्षरशः लिहा.

प्रश्न : बारसं व्हायच्या आत हॉस्पिटलने नाव मागितलं आणि घाईत भलतंच स्पेलिंग पडलं. पुढे काय करावं? इतरांनी काय काळजी घ्यावी? (म्हापसा)

इतरांसाठी आधी. जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते, नावाची नाही. हॉस्पिटलच्या फॉर्मवर नावाचा रकाना कोरा ठेवता येतो. 1969 च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यातल्या कलम 14 प्रमाणे नाव नंतर भरता येतं. नोंदणीच्या तारखेपासून 12 महिन्यांत त्याला शुल्क लागत नाही. त्यानंतर 15 वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून होतं. तेव्हा बारसं होऊ द्या, नाव नक्की करा आणि मग पंचायतीत किंवा पालिकेत जाऊन भरा. पण वर्ष उलटू देऊ नका. ज्यांचा जन्म 1 ऑक्टोबर 2023 ला किंवा त्यानंतर झाला आहे, त्यांच्या शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्माचा पुरावा म्हणून जन्मदाखलाच धरला जातो. त्याच्यावरची चूक पुढच्या प्रत्येक कागदावर उतरते.

भरायला जाताना नाव देवनागरीत आणि रोमनमध्ये मोठ्या अक्षरांत लिहून न्या. तोंडी सांगू नका. मंगेशच्या बाबतीत साधं ‘जी, ई, एस, एच’ ठेवावं असं आमचं सांगणं आहे. घरच्या जुन्या कागदांत ‘यू’ आहे म्हणून मुलाच्या नावात तो घालू नका. बाहेरच्या राज्यांत लोक ‘मंग्वेश’ वाचतात. मंगिरीश ठेवणार असाल तर ‘री’साठी एक ‘आय’ की दोन ‘ई’, हे आधी ठरवा. आम्ही एकच ‘आय’ सुचवतो. दाखला हाती पडला की खिडकीशीच थांबून वाचा : मुलाचं नाव, आई-वडिलांची नावं, आडनाव, तारीख, लिंग. छपाई त्याच दिवशीची असताना दुरुस्ती सांगणं सोपं जातं.

तुमच्या बाबतीत चूक लिहिण्यातली असेल, म्हणजे अक्षर इकडचं तिकडे झालं असेल, तर कलम 15 खाली दुरुस्ती होते. निबंधक मूळ नोंद खोडत नाही. तो समासात दुरुस्ती लिहून सही आणि तारीख घालतो. अर्जाबरोबर हॉस्पिटलचा कागद आणि आई-वडिलांची ओळखपत्रं जोडा. मात्र नोंदवलेलं नावच नको असेल, एकाच्या जागी दुसरं हवं असेल, तर ती दुरुस्ती नव्हे, ते नामांतर. त्यासाठी गोव्यात 1990 चा वेगळा कायदा आहे आणि त्याची वेगळी प्रक्रिया आहे. पुष्कळांचा अर्ज फेटाळला जातो तो या दोन गोष्टी एकात मिसळल्याने. अर्जावर ‘नाव बदलून मिळावं’ असं लिहायचं आणि कारण ‘स्पेलिंग चुकलं’ द्यायचं, असं करू नका.

प्रश्न : दामोदर हे कृष्णाचं नाव ना? मग जांबावलीला दामोदर म्हणून शिवलिंग कसं? (वास्को)

नाव कृष्णाचंच. दाम म्हणजे दोरी आणि उदर म्हणजे पोट. यशोदेने पोटाला दोरी बांधून उखळाला जखडलेला तो दामोदर. संध्येतल्या चोवीस नावांत हे बारावं, आणि बारा महिन्यांना बारा नावं लावली की मार्गशीर्षाचा केशव आणि कार्तिकाचा दामोदर. त्यामुळे कार्तिकात जन्मलेल्या मुलाला हे नाव ठेवण्याची जुनी पद्धत आहे.

जांबावलीचा दामोदर मात्र शिव. तो मूळचा मडगावचा, धर्मांतराच्या काळात कुशावतीच्या काठी आला. गोव्यात देवाचं नाव कोशातल्या अर्थावरून ठरतंच असं नाही. स्थळाची स्मृती, ग्रामपुरुष म्हणजे गावाचा मूळ पुरुष, घराणं यांच्यावरूनही ते पडतं आणि पूजा शैव किंवा वैष्णव पद्धतीने चालू राहते. म्हार्दोळची महालसाही तशीच. घाटावर म्हाळसा म्हणजे खंडोबाची पत्नी. इथे ती मोहिनीरूपातला विष्णू, म्हणून नारायणी. तुमच्या वास्कोत नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी सुरू होणारा भजनी सप्ताह याच जांबावलीच्या दामोदराचा. जांबावलीला शिगम्यातला, म्हणजे गोव्याच्या होळीच्या सणातला, गुलालही त्याच्याच नावाने उधळतात.

या नावाचे दोन गोमंतकीय आवर्जून सांगावेत. गणिती आणि इतिहासकार दामोदर धर्मानंद कोसंबी यांचा जन्म 31 जुलै 1907 चा, कोसंबे गावचा. त्यांचे वडील, बौद्ध धर्माचे पंडित धर्मानंद दामोदर कोसंबी, सांकवाळचे. नावांचा क्रम पाहा : नातवाला आजोबांचं नाव. दुसरे कोकणी कथाकार दामोदर मावजो, जन्म 1944, माजोर्डा. त्यांना 57 वा ज्ञानपीठ पुरस्कार मिळाला. नागेशबद्दलही याच पत्रात विचारलं आहे. नाव सरळ ‘नागांचा ईश’. बांदिवड्याचं नागेशी देवस्थान स्थलांतरित नाही, मूळ जागीच आहे, आणि तिथे 1413 चा शिलालेख आहे. काशीत नाव मिळवलेले अठराव्या शतकातले वैयाकरण नागेशभट्ट काळे आणि गोव्याचे कवी व स्वातंत्र्यसैनिक नागेश करमली हे या नावाचे.

प्रश्न : बाळाचं अक्षर ‘मू’ आलं आहे. मंगेश ठेवलं तर चालेल का? (पणजी)

मघा नक्षत्राच्या चार चरणांची अक्षरं मा, मी, मू, मे. या पद्धतीत ऱ्हस्व-दीर्घ आणि अ-आ असा भेद करत नाहीत, त्यामुळे मंगेश ‘मा’च्या म्हणजे पहिल्या चरणात बसतं, आणि तुमच्या बाळाचा चरण तिसरा. काटेकोर पाळायचं असेल तर मुकुंद, मुरलीधर, मुलगी असल्यास मुक्ता किंवा मुग्धा. पण रूढ वाट वेगळी आहे. अक्षरावरून येणारं नाव पत्रिकेत लिहितात आणि बारशाला कानात सांगतात, तर व्यवहाराचं नाव कुलदैवतावरून, आजोबांवरून किंवा आवडीवरून ठेवतात. कागदोपत्री फक्त व्यवहाराचं नाव द्या. दोन्ही नावं जन्मनोंदीत एकापुढे एक लिहिली तर पासपोर्टवर ती दोन्ही येतात.

प्रश्न : मुलगी झाली तर मंगेशाच्या नावाशी जुळणारं काय? (साखळी)

गिरीशाची ती गिरिजा, हे सर्वांत नेमकं. कुलदेवी कवळ्याची असेल तर शांता. मंगला हे नाव सुंदर आहे, पण वर सांगितल्याप्रमाणे त्याचा मंगेशशी शब्दाने संबंध नाही, फक्त ध्वनीने आहे. मंगेशी असंही नाव काही जण ठेवतात. ते गावाचं नाव आहे हे ठाऊक असूनच ठेवावं, आणि रोमनमध्ये लिहिताना गावाच्या पाटीवरचा ‘यू’ त्यात घेऊ नये.